खारगणना : वेळकोटचं गुप्त पंचांग (मदत हवी आहे. आमच्या खेळाडूंनी इथे फिरकू नये!)

खाडीकाठचा

राम राम मंडळी. काम जरा विचित्र आहे, पण इथे पंचांगवालेही आहेत आणि ग्रहताऱ्यांवरून तावातावाने भांडणारेही, म्हणून इथेच विचारतो.

आम्ही काही मित्र रविवारी दादरला एकाच्या घरी जमून फाशांचा खेळ खेळतो. म्हणजे सोंगट्या-पट वगैरे नाही. गोष्ट मी सांगत जायची, पात्रं बाकीच्यांनी चालवायची, आणि अडलं की फासा टाकायचा. सूत्रधार मी. जग माझं.

जगाचं नाव वेळकोट. खाडीच्या मुखाशी एक किल्ला, मागे मैलोन् मैल मिठागरं. (पूर्व द्रुतगती मार्गावर मुलुंड-भांडुपच्या पट्ट्यात गाडी तुंबली की बाजूला जे दिसतं, तेच. त्यात इमारतींऐवजी बुरूज घाला.) आकाशात दोन चंद्र. एक साधा पांढरा, पौर्णिमा ते पौर्णिमा २८ दिवस. दुसरा काळुंदर, कोळशासारखा, डोळ्यांना दिसत नाही, त्याचे ३५ दिवस.

किल्ल्यावर चालते ती दरबारी गणना : ३० दिवसांचे १२ महिने, आणि वर्षाअखेरी राजज्योतिषी जाहीर करेल तितके ‘मोकळे दिवस’. मिठागरवाल्यांची मात्र आतली वेगळी खारगणना आहे. ती दोन्ही चंद्रांची. दर ७० दिवसांनी दोघे एका रेषेत येतात, महाउधाण होतं आणि किल्ल्याकडे जाणारा बांध पाण्याखाली जातो. कधी जाणार ते फक्त मिठागरवाल्यांना ठाऊक. तीनशे वर्षं हे गुपित टिकलंय.

अडचण अशी, की ते टिकलं कसं हे मलाच पटत नाहीये. लिहून ठेवलं तर पकडलं जाईल. न लिहावं तर पुढच्या पिढीला द्यायचं कसं? सुचवा. ‘जादूने’ हे उत्तर बाद.

फासा

रुमाल टाकून ठेवतो. मराठीत असले खेळ कुणीतरी खेळतंय हे वाचूनच बरं वाटलं.

कांदेबटाटे

घरी बायकोच्या भिशीच्या तारखा लक्षात राहत नाहीत आणि इथे लोक दोन चंद्रांचं पंचांग करतायत. चालू द्या.

उडती_बशी

छान आहे, पण काळुंदर ‘दिसत नाही’ हे चालणार नाही. आपला चंद्रसुद्धा काळाच आहे हो. त्याच्यावर पडणाऱ्या उजेडापैकी जेमतेम १२ टक्के तो परत फेकतो, म्हणजे साधारण जुन्या डांबरी रस्त्याइतका. काळ्या आकाशासमोर असतो म्हणून चांदीचा वाटतो. धूमकेतूंची केंद्रं याहून काळी, ४ टक्क्यांच्या आसपास. तुमचा काळुंदर तितका काळा केला तरी आकार चंद्राएवढा असेल तर रात्री ठसठशीत दिसेल. शिवाय कधीतरी सूर्यासमोरून जाईल. ग्रहण लागेल. सगळ्या गावाला दिसेल.

उपाय आहे. भरतीचा जोर वस्तुमानावर असतो आणि अंतर वाढलं की अंतराच्या घनाच्या पटीत घटतो. उजेड ठरतो तो पृष्ठभागाच्या आकारावर. तेव्हा काळुंदर छोटा पण प्रचंड जड करा. मग तो भुरकट ताऱ्यासारखा ठिपका दिसेल. दरबारी ज्योतिषी त्याला तारा समजून सोडून देतील. खरा पदार्थ इतका जड होईल का हे विचारू नका, तेवढी सूट कल्पनेला.

७० चा हिशोब मात्र बरोबर आहे. भरतीचे फुगवटे दोन असतात, एक चंद्राकडे आणि एक त्याच्या विरुद्ध बाजूला, म्हणून अमावास्या आणि पौर्णिमा दोन्हींना उधाण. पांढऱ्याचं उधाण दर १४ दिवसांनी, काळुंदरचं दर साडेसतरा दिवसांनी, दोघांची गाठ ७० व्या दिवशी. म्हणजे पांढऱ्याचं दर पाचवं उधाण मोठं.

आणि तिथेच तुमचं गुपित संपलं.

दर्यावर्दीण

हेच लिहायला आले होते. वेसाव्याची आहे, त्यामुळे राहवलं नाही.

दर पाचवं उधाण मोठं, हे किनाऱ्यावरचं शेंबडं पोर सांगेल. आमच्याकडे घड्याळ नव्हतं तेव्हाही पाण्याची वेळ कुणी चुकत नव्हतं. मुंबईला पुनव-अवसेला भरती दुपारी बाराच्या आसपास आणि परत मध्यरात्री. तिथून रोज पाऊणएक तासाने पुढे सरकवत जायचं. अष्टमीला भांग, म्हणजे उधाणाच्या उलट, पाणी मरतं, ओढ नसते. डोल लावणाऱ्याला ओढ लागतेच, कारण डोल म्हणजे पाण्याच्या धारेत तोंड उघडून धरलेली मोठी पिशवी. धार नाही तर बोंबील नाही. त्यामुळे तिथी आमच्या पोटाशी बांधलेली असते. पावसाळ्यात साडेचार मीटरच्या वरच्या भरतीचे दिवस महापालिका काढते, पेपरात यादी येते, लोक कापून ठेवतात. आमच्याकडची म्हातारी माणसं यादी बघत नाहीत. तिथी विचारतात आणि सांगतात.

तेव्हा भाऊ, मिठागरवाल्यांनी दरबारापासून लपवलं असं म्हणा हवं तर. कोळ्यांपासून नाही लपणार. तुमच्या वेळकोटात कोळी आहेत ना? की विसरलात?

खाडीकाठचा

कोळी आहेत ताई, विसरीन कसा! वेसावा वाचून दचकलो मात्र.

उडती_बशी, ठिपक्याची कल्पना घेतली. लोक त्याला ‘खुळा तारा’ म्हणतात, कारण तो जागेवर राहत नाही. गुपित मात्र खरंच कोसळलं की.

उडती_बशी

कोसळू नका. तुमची चूक एकच, आकडे फार गोड घेतलेत. आकाशात असं जुळत नसतं. आपला चांद्रमास २९.५३ दिवसांचा, वर्ष ३६५.२४ चं, कशाने कशाला पूर्ण भाग जात नाही. म्हणून तर जगभर पंचांगं करणाऱ्यांना काम मिळालं.

काळुंदरचे ३५ ऐवजी ३५.३ दिवस करा. त्याचं उधाण १७.६५ दिवसांनी. मग दोघांची गाठ सरासरी ६७.७ दिवसांनी पडते. उधाणं तर १४ दिवसांच्याच टप्प्याने येतात, म्हणून बहुतेक वेळा पाचवं मोठं, आणि सहा वेळांतून एकदा चौथंच मोठं. ५, ५, ५, ५, ५, ४. बेरीज २९ उधाणं, ४०६ दिवस. सहा गाठींचे होतात ४०६.२. म्हणजे हाही नियम पुरता बसत नाही. थोडी थोडी गळती साचत जाते आणि साधारण ऐंशी वर्षांतून एकदा तो ‘चौथा’ एका फेरीपुरता पुढे ढकलावा लागतो.

एका माणसाच्या आयुष्यात असा प्रसंग एकदाच येणार. ज्याने पाहिला तो दुसऱ्यांदा पाहायला नसणार. आता सांगा, शेंबड्या पोराला कळेल?

दर्यावर्दीण

नाही कळणार. पाचव्याची सवय झालेला माणूस सहाव्या वेळी चौथ्याला बुडेल. हे जमलं.

त्रिस्कंध

अभिनंदन, फिरून फिरून तुम्ही अधिकमासापाशी आलात.

चांद्रवर्ष ३५४ दिवसांचं, सौर ३६५ चं, दर वर्षी ११ दिवसांची तूट, म्हणून साधारण ३२-३३ महिन्यांनी एक महिना वाढवायचा. पण तो कधी वाढवायचा हे कुणाच्या मर्जीवर नाही. ज्या चांद्रमासात सूर्याची संक्रांत (म्हणजे नव्या राशीत प्रवेश) येत नाही तो अधिक. दोन आल्या तर क्षय. १९८२-८३ मध्ये क्षयमास आला होता, जुन्या लोकांना आठवेल. नियम सगळ्यांसमोर आहे, ज्याला गणित येतं त्याने करावं.

गंमत म्हणजे नियम उघडा असूनही भांडण मिटत नाही. दाते आणि टिळक पंचांगांत राशिचक्राचा आरंभबिंदू वेगळा धरला जातो, त्यामुळे संक्रांती हलतात आणि कधी कधी अधिकमासच वेगळा येतो. मग कोकणातल्या काही घरांत गणपती महिनाभर आधी येऊन जातो. आकाश एकच, गणित दोघांचंही चोख.

धागाकर्त्याने दुसरी एक गोष्ट लक्षात घ्यावी. नियम माहीत असून भागत नाही, मोजायला कुठून सुरुवात करायची ते लागतं. आपल्याकडे याला अहर्गण म्हणतात, ठरावीक दिवसापासून आजवर लोटलेले दिवस. गणेश दैवज्ञ इथलेच, मुरुडजवळच्या नांदगावचे. त्यांनी शके १४४२ मध्ये, म्हणजे १५२० साली, ग्रहलाघव केला. अहर्गण फुगत जातो म्हणून त्यांनी ११ वर्षांची चक्रं पाडली, प्रत्येक चक्र ४०१६ दिवसांचं. लहान आकड्यांवर काम भागायला लागलं, तेही ज्या-कोज्यांच्या (साइन-कोसाइनच्या) खटपटीशिवाय. पुढची शेकडो वर्षं गावोगावचे जोशी त्यावर पंचांगं करत होते.

चिऊताई८

त्रिस्कंधकाका, भारी! वाचनखूण साठवली.

कांदेबटाटे

सगळं झालं. गोष्ट कुठाय?

पाचबागा

गोष्ट मी सांगतो, खरीखुरी. दादर पारशी कॉलनीच्या कुंपणालगत लहानाचा मोठा झालो. आमच्या गल्लीत नवीन वर्ष कधी असं विचारलं तर समोरून ‘कुणाचं?’ असा प्रश्न यायचा.

पारशी वर्ष ३० दिवसांचे १२ महिने आणि शेवटी ५ गाथांचे दिवस, एकूण ३६५. लीप दिवस नाही, म्हणून शहेनशाही नवरोज दर चार वर्षांनी एक दिवस अलीकडे सरकतो. सध्या ऑगस्टच्या मध्यावर आहे. कदमींचा त्याच्या एक महिना आधी. कारण असं मानतात, की पूर्वी केव्हातरी इथल्या लोकांनी एक महिना वाढवून घेतला आणि इराणात तो वाढवला गेला नाही. हा फरक लक्षात आल्यावर १७४५ मध्ये सुरतेतल्या काहींनी इराणची गणना उचलली, तेच कदमी, बाकीचे शहेनशाही, असे दोन तट पडले. पुढे १९०६ मध्ये इथे मुंबईत फसली मंडळी निघाली. त्यांचं म्हणणं, नवरोज २१ मार्चलाच हवा. एका शहरात, एका धर्मात तीन कॅलेंडरं, आणि तिन्ही छापील.

भेंडीबाजारात जा, तिथे आणखी वेगळं. दाऊदी बोहऱ्यांचं मिसरी कॅलेंडर गणिताचं, ३० वर्षांचं चक्र, त्यात ११ वर्षं ३५५ दिवसांची. पुढच्या वर्षीचा रमजान कोणत्या दिवशी सुरू होणार ते आजच सांगतील. शेजारचा सुन्नी दुकानदार चांद दिसायची वाट बघणार. म्हणून एकाच रस्त्यावर एकाचे रोजे दुसऱ्याच्या एक-दोन दिवस आधी.

लपवायचं असेल तर लपवू नका, असं माझं मत. आणखी चार कॅलेंडरं शेजारी टांगा. तुमच्या वेळकोटात विणकरांचं एक, देवळाचं एक, परदेशी व्यापाऱ्यांचं एक असू द्या. दरबाराला वाटेल, मिठागरवाल्यांचंही असंच काहीतरी सणवाराचं असणार.

फासा

पाचबागांना शंभर मार्क. बालीतही असाच गोंधळ आहे. त्यांच्या एका कॅलेंडरचं वर्ष २१० दिवसांचं, आणि त्यात एक दिवसापासून दहा दिवसांपर्यंतचे सगळे आठवडे एकाच वेळी चालू असतात. परक्याला काय कप्पाळ कळणार.

खाडीकाठचा

पाचबागा, हे फार कामाचं आहे. विणकरांचं करतोच.

पण पुढच्या पिढीला द्यायचं कसं, हा निम्मा प्रश्न तसाच आहे. मी ओवीत घालायचं ठरवलं होतं. आमच्यातला एक खेळाडू मात्र गाणं ऐकलं रे ऐकलं की अक्षरं मोजायला बसतो. लगेच पकडेल.

रंगपेटी

ओवी नको, सगळे गाण्यातच लपवतात. चित्रात घाला.

जपानात हे प्रत्यक्षात झालंय. तिथल्या जुन्या चांद्र पंचांगात काही महिने ३० दिवसांचे, काही २९ चे, आणि कुठला मोठा कुठला लहान याचा क्रम दर वर्षी बदलायचा. देणी-घेणी महिनाअखेरीला, त्यामुळे क्रम माहीत असणं व्यापाऱ्याला अत्यावश्यक. कॅलेंडर छापायचा परवाना मात्र मोजक्यांनाच. मग हौशी लोकांनी चित्रं काढून घेतली. एक बाई वाळत घातलेले कपडे पावसातून गोळा करत पळतेय, एवढंच दिसतं. नीट बघितलं तर कपड्याच्या नक्षीत त्या वर्षीच्या मोठ्या महिन्यांचे आकडे. नवीन वर्षाला श्रीमंत मंडळी ही चित्रं एकमेकांना वाटायची आणि कोणाचं जास्त चलाखीने लपवलंय यावर चढाओढ. १७६५ मध्ये सुझुकी हारुनोबूने अशी चित्रं अनेक रंगांत छापली, आणि तिथून जपानी रंगीत ठशांची परंपराच सुरू झाली. पुढच्या वर्षी क्रम बदलला की त्याच चित्रावरचे आकडे काढून टाकायचे आणि नुसतं चित्र म्हणून परत विकायचं. धंदा तो धंदा.

सुईदोरा

चित्रं किल्ल्यात टांगतील. मिठागरवाल्याच्या खोपटात चित्र दिसलं तर शिपायाला संशय नाही येणार? तिथे जे असतं त्यात घाला. गोधडीत.

जुनी लुगडी एकावर एक अंथरून कडेपासून आत चौकोनात धावदोरा घालत जातात. पाच ओळी पांढऱ्या दोऱ्याच्या, मग एक लाल. परत पाच, परत लाल. सहाव्या वेळी चारच पांढऱ्या आणि लाल. एक चौकोन पुरा झाला की सहा गाठींची एक फेरी. लाल ओळीवर कुठे टाका आखूड, कुठे लांब, त्यात त्या वेळी पाणी कुठवर आलं होतं ते. एका गोधडीत अशा कितीतरी फेऱ्या मावतात. अंगावर घ्या, बाळाला गुंडाळा, बांधावर वाळत घाला, शिपाई समोरून जाईल.

आणि ते ऐंशी वर्षांनी ढकलायचं म्हणताय ना, तिथे ठिगळ लावा. जुन्या गोधडीला ठिगळ असायचंच. मधल्या चौकोनात एका ठरावीक कापडाचं ठिगळ, म्हणजे ‘इथे चौथा सोडला’. गोधडी काही ऐंशी वर्षं टिकत नाही, पण नवी शिवताना जुनी पुढ्यात ठेवून शिवतात, ठिगळासकट. फाटलेलं नसताना मुद्दाम ठिगळ का लावायचं, हे शिवणारीला तिच्या आईने सांगितलेलं असेल. पोरगी सासरी गेली की गोधडी सोबत. म्हणजे एका मिठागरातून दुसऱ्या मिठागरात पंचांग आपसूक पोचलं.

पुरुषांना काही कळायची गरजच नाही. त्यांना फक्त सांगायचं, आज उघाडी (बांधातलं पाणी घ्यायचं दार) बंद ठेवा.

दर्यावर्दीण

सुईदोरा, हात द्या इकडे.

एक भर घालते. मिठागरात उधाणाचं पाणी आत घ्यावं लागतं, त्याशिवाय मीठ पिकणार कशाचं? म्हणजे साध्या उधाणाला उघाडी उघडायची आणि महाउधाणाला घट्ट लावायची. चुकलात तर बांध फुटून अख्ख्या हंगामाचं मीठ विरघळलं. तेव्हा ही गणना आधी पोटासाठी. दरबाराविरुद्ध वापरायची बुद्धी नंतर कुणाला तरी सुचली असेल. हे गोष्टीत आलं पाहिजे, नाहीतर तुमचे मिठागरवाले नुसते कट करत बसलेले वाटतील.

खाडीकाठचा

सुईदोरा, दंडवत. गोधडी नक्की. ताई, तुमचं म्हणणंही शंभर टक्के. पहिल्याच प्रवेशात फुटलेला बांध दाखवतो.

कांदेबटाटे, गोष्ट अशी : दरबाराची वसुलीची फौज दर वर्षी बांधावरून मिठागरांत येते. यंदा राजज्योतिषाने वसुलीचा दिवस ठरवलाय तो नेमका एका ‘चौथ्या’ महाउधाणाच्या रात्रीचा. दरबाराला वाटतंय पाणी अजून दोन आठवडे लांब आहे. खेळाडूंची पात्रं त्या फौजेत आहेत.

कांदेबटाटे

आता कान टवकारले. पण तुमचा राजज्योतिषी बावळट का दाखवताय? मोकळे दिवस किती ते तोच ठरवतो ना? मग तोच सगळ्यांत मोठा चोर असणार. वर्ष लांबवलं की कुणाची तरी नेमणूक लांबली, आखडलं की कुणाची तरी गेली.

रोममध्ये हेच चालायचं. कॅलेंडर धर्मगुरूंच्या हातात. कोर्ट कुठल्या दिवशी भरणार, हे लोकांना त्यांच्या दारात जाऊन विचारावं लागे. इ.स.पू. ३०४ मध्ये ग्नेयस फ्लावियस नावाच्या कारकुनाने ती यादीच चौकात जाहीर लावून टाकली. बाप गुलामगिरीतून सुटलेला, पोराने उमरावांची दुकानदारी बसवली. तरी वर्षात जादा महिना घालायचा अधिकार धर्मगुरूंकडेच राहिला. त्यांनी मर्जीप्रमाणे घातला, मर्जीप्रमाणे टाळला, आणि शेवटी ऋतू आणि तारखा यांची इतकी फारकत झाली की सीझरला इ.स.पू. ४६ चं वर्ष ४४५ दिवसांचं करून हिशोब मिटवावा लागला.

भिशीवाला म्हणून हसू नका, वाचतो आपण.

त्रिस्कंध

कांदेबटाटे, तुमच्याकडून हे अपेक्षित नव्हतं. मान्य.

चीनमध्येही पंचांग काढणं हा सम्राटाचा हक्क, खासगी पंचांग छापणं गुन्हा. नवा राजा आला की नवं पंचांग. आपल्या सरकारनेही १९५७ मध्ये राष्ट्रीय पंचांग आणलंच की. मेघनाद साहांच्या समितीने केलेलं, २२ मार्च १९५७ म्हणजे १ चैत्र १८७९. शास्त्रशुद्ध, सुटसुटीत. आकाशवाणीवर तारीख सांगतात, राजपत्रावर छापतात. तुमच्यापैकी किती जणांना आजची राष्ट्रीय तारीख सांगता येईल?

पाचबागा

लोकांना पटलं नाही की सरकारी वेळही कुणी पाळत नाही, याला मुंबईइतका साक्षीदार नाही. १ जानेवारी १९०६ पासून देशाची वेळ एक झाली, मुंबईची वेळ तिच्या ३९ मिनिटं मागे. शहराने ऐकलं नाही. रेल्वे नव्या वेळेने आणि महापालिका जुन्या, असं १९५५ पर्यंत चाललं. भेटायचं ठरलं की कुठल्या वेळेने, हे विचारून घ्यायचं.

फासा

मग वेळकोटात राजज्योतिषाला खुळा तारा माहीत आहे असं करा. तो मुद्दाम गप्प आहे. वसुलीवाले बुडाले तर त्याच्या वाटेतला कोतवाल परस्पर जातो.

सुईदोरा

आणि त्याच्या आईची गोधडी त्याच्या पेटीत आहे.

खाडीकाठचा

अरे देवा! सुईदोरा, हे मी घेतलं. तो मिठागरातला पोरगा, लहानपणी किल्ल्यावर चाकरीला आलेला. त्याला ओळी मोजता येतात. पण ठिगळाचा अर्थ त्याच्या आईने सांगितलेला नाही, कारण तो पोरगा होता. त्यामुळे ठिगळाच्या साली तोही चुकणार.

उडती_बशी

म्हणजे त्याची चूक बरोबर १४ दिवसांची. तो समजतोय पाणी आज येणार, येणार दोन आठवड्यांनी. आकडे जुळतात, खुशाल चालवा.

मौनी

नमस्कार. बरीच वर्षं नुसता वाचक आहे, आज पहिल्यांदा लिहितोय.

दादरच्या त्या घरात रविवारी बसणाऱ्यांपैकी मी एक. सगळा धागा वाचला. गाण्यातली अक्षरं मोजणारा मीच. ५, ५, ५, ५, ५, ४, मग ठिगळ. आभारी आहे.

चिऊताई८

😂😂😂

कांदेबटाटे

फ्लावियस आला!

दर्यावर्दीण

शीर्षकात एवढं मोठं लिहिलं होतं तरी? आता काय करणार हो खाडीकाठचे? संपादकांना सांगून धागा उडवा.

खाडीकाठचा

उडवायची गरज नाही ताई. वाचू दे.

मौन्या, त्रिस्कंधांचा अहर्गणाचा परिच्छेद परत वाच. नियम तुला मिळाला, कबूल. फेरी कुठल्या उधाणापासून सुरू झाली, आत्ता आपण पाचव्याच्या वाटेवर आहोत की चौथ्याच्या, आणि शेवटचं ठिगळ कितव्या चौकोनात आहे, यातलं एक अक्षरही मी इथे लिहिलेलं नाही. ते बघायला तुझ्या पात्राला आधी फौजेतून निसटून एखाद्या खोपटात शिरावं लागेल. तिथल्या बाईने तुला गोधडी का दाखवावी, ते तूच ठरव.

मौनी

माझ्या पात्राला शिवण येते. पहिल्या दिवशी कागदावर लिहिलं होतं, तुम्ही सगळे हसला होतात.

सुईदोरा

मौनी, मोठी सुई न्या, बारीक सुईने चार पदर ओवत नाहीत. आणि दोरा लांब घेऊ नका, गुंततो.

खाडीकाठचा

सुईदोरा, तुम्ही नक्की कोणाच्या बाजूने आहात?